कल्पित जगाला स्वतःचं आभाळ कसं द्यावं

माझ्या पहिल्या कादंबरीच्या खर्ड्यात एक वादळ होतं. जांभळ्या विजा, गरगर फिरणारे ढग आणि वीज पडेल तिथे उगवणारी काचेची झाडं. चाळीसेक पानं मी त्या वादळाला दिली होती. खर्डा वाचून झाल्यावर मैत्रिणीनं एवढंच विचारलं, "या गावात वाळवणं कधी घालतात गं?"

मला सांगता येईना. त्या गावावर दर महिन्याला वीज पडत होती, पण तिथल्या एकाही बाईनं कुरडया आत घेतल्या नव्हत्या, एकाही गवंड्यानं छपराला वेगळं काही लावलं नव्हतं. आभाळ एकीकडे, गाव दुसरीकडे. ती चाळीस पानं मी काढून टाकली आणि पुढची काही वर्षं हेच शिकत राहिले. जादूचं हवामान आधी गावाच्या कामाधामात मुरावं लागतं, कथेत त्याला जागा नंतर मिळते. आता नव्यानं अद्भुत कथा लिहू पाहणारे मला विचारतात तेव्हा मी ज्या क्रमानं सांगते, तोच क्रम इथे देते आहे. सोबत माझ्याच जगातलं एक हवामान उदाहरणाला घेते, म्हणजे प्रत्येक पायरीवर नक्की काय करायचं ते दिसेल.

बसण्याआधी जवळ काय हवं

- चौकटीचा आलेख कागद आणि दोन रंगांच्या पेन्सिली
- नक्षत्रं छापलेली भिंतीवरची दिनदर्शिका, शक्यतो तुमच्या गावाकडे वापरतात तीच
- एखादा जुना, जाडजूड मराठी शब्दकोश
- एक स्वतंत्र वही, जिच्यात कथा लिहायची नाही
- पावसापाण्यावर आयुष्य काढलेलं एखादं वडीलधारं माणूस: शेतकरी, नाखवा, मेंढपाळ किंवा दर उन्हाळ्यात पापड-सांडगे घालणारी आजी

यातली शेवटची गोष्ट मिळाली नाही तर बाकीच्यांचा उपयोग निम्माच होतो. माझ्या जगात आज जे काही खरं वाटतं, त्यातलं बरंचसं अशाच दोन म्हाताऱ्यांच्या ओसरीवर बसून मिळालेलं आहे.

१. महिनाभर खरं आभाळ लिहून काढा

रोज चार ओळी पुरेत. वारा कुठून आला, वास कसला होता, कपडे वाळायला किती वेळ लागला, कोणतं काम अडलं. "आज छान पाऊस पडला" असं लिहायचं नाही. भुरभुर होती, रिपरिप होती, झड लागली होती की नुसतीच एक सर येऊन उघडीप झाली, ते लिहायचं. वळीव आणि श्रावणसर यांत काय फरक आहे हे वहीत चार ओळींत उतरवता येत नसेल, तर कल्पित पाऊस लिहायची घाई करू नका.

२. खऱ्या जगातलं एखादं नवल धरा

शून्यातून जादू काढायला गेलं की रंगीत विजा हाती लागतात. माझं तेच झालं होतं. त्यापेक्षा जे खरोखर घडतं ते बघा.

हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर इंद्रवज्र दिसतं. पाठीशी सूर्य, समोर दरीतून वर आलेलं धुकं आणि त्या धुक्यावर गोल इंद्रधनुष्य, मधोमध पाहणाऱ्याची स्वतःची सावली. जर्मनीतल्या ब्रॉकेन डोंगरावरही हेच दिसतं, आणि जगभर ते त्या डोंगराच्या नावानं ओळखलं जातं. माझ्या मते यातली सगळ्यात विलक्षण गोष्ट ही की कड्यावर पाच जण शेजारी शेजारी उभे असले तरी प्रत्येकाला ते कडं स्वतःच्याच डोक्याभोवती दिसतं. शेजाऱ्याच्या डोक्याभोवती दिसत नाही. प्रकाश थेंबांवरून जवळपास आल्या वाटेनंच परत फिरतो, म्हणून असं होतं. पण ही कारणमीमांसा क्षणभर बाजूला ठेवा आणि नुसता नियम बघा. ज्याचा त्यालाच दिसणारा साक्षात्कार! एका नियमावर अख्खा धर्म उभा राहील.

नाणेघाटात ऐन पावसात धबधब्याचं पाणी दरीत पडायच्या ऐवजी वाऱ्यानं उलटं वर फेकलं जातं. व्हेनेझुएलात काटाटुम्बो नदी माराकायबो सरोवराला मिळते, तिथे वर्षातल्या शंभराहून अधिक रात्री तासन्‌तास विजा चमकतात, आणि खलाशी एके काळी दीपस्तंभासारखा त्यांचा उपयोग करत. २००१ मध्ये केरळात लाल पाऊस पडला. एका शेवाळाच्या बीजाणूंमुळे पाण्याला तो रंग आला होता असं पुढे तपासात दिसलं, पण त्या दिवसांत लोकांच्या डोळ्यांत भरले ते दोरीवरचे गुलाबी झालेले पांढरे कपडे. हा कपड्यांचा तपशील माझ्या वहीच्या पहिल्या पानावर आहे. आभाळ लाल झालं हे सांगायला कवी लागतो; धुतलेलं धोतर खराब झालं हे कुणीही सांगतं आणि ऐकणाऱ्याचा त्यावर लगेच विश्वास बसतो.

मी स्वतः धरलं ते हिवाळ्यातलं धुकं. थंडीच्या पहाटे दरीत जमिनीलगतची हवा गार असते आणि तिच्यावरची हवा तिच्याहून उबदार. अशा वेळी वर निघालेला आवाज त्या उबदार थरातून वळून परत खाली येतो. म्हणून एरवी कधी ऐकू न येणारी लांबच्या गाडीची शिट्टी पहाटे अंगणात येते, आणि नदीपलीकडे कुणी खोकललं तरी ते आपल्याच पडवीत खोकलल्यासारखं वाटतं. मी एवढाच प्रश्न पुढे नेला: धुक्यानं आवाज नुसता लांब नेला नाही, ठेवून घेतला तर?

३. नियम एका वाक्यात लिहा

माझं वाक्य असं (धुई म्हणजे धुकंच): *धुईत निघालेला आवाज धुई ठेवून घेते आणि पुढची धुई धरली की त्याच जागी एकदाच परत देते.*

बस. तुमचा नियम एका वाक्यात मावत नसेल तर तुमच्याकडे दोन हवामानं आहेत. त्यातलं एक पुढच्या पुस्तकासाठी ठेवा.

मग त्या वाक्याला कुंपण घाला. आवाज कुठे परत येतो? जिथे निघाला तिथेच, हातभरही इकडे तिकडे नाही. किती वेळा? एकदाच. धुई काय करत नाही? ती ओळखत नाही, निवडत नाही, कुणावर दया करत नाही. बैलाचं हंबरणं आणि मरणाऱ्या माणसाचा शेवटचा शब्द तिला सारखाच.

इथला नेहमीचा सापळा म्हणजे नायकासाठी सूट देणं. शेवटच्या प्रकरणात नायिकेच्या अश्रूंनी धुई विरघळली, तर वाचक मागच्या सगळ्या पानांवरचा विश्वास काढून घेतो. इंद्रवज्र राजासाठी वेगळं आणि गुराख्यासाठी वेगळं नसतं. हा कडकपणा सोडू नका. पात्रांची सगळी युक्ती, सगळा शहाणपणा नियमाच्या आत राहूनच दिसला पाहिजे.

४. नकाशावर रेघ ओढा

आलेख कागद आता काढा. हवामान कुठे आहे त्याहून ते कुठे नाही हे आधी ठरवायचं असतं.

सातारा जिल्ह्याचंच बघा. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. वीसेक किलोमीटर पूर्वेला पाचगणीत तो निम्म्यावरही राहत नाही. आणखी पूर्वेला, त्याच जिल्ह्यातल्या माणदेशात, पाचशेच्या आसपास पडला तरी लोक देवाचे आभार मानतात. ढग डोंगरावर चढताना पाणी टाकून मोकळे होतात, पलीकडे उतरताना त्यांच्याकडे काही उरत नाही. एका जिल्ह्यात इरलं घेणारी माणसं आहेत आणि टँकरची वाट बघणारीही आहेत. दोघांची गाणी वेगळी, पीक वेगळं, सोयरिकीच्या अटी वेगळ्या.

धुई दरीत साठते, म्हणून माझ्या नकाशावर मी डोंगराच्या कुशीतून एक रेघ ओढली. रेघेच्या वर ऊन, खाली धुई. ती रेघ ओढली आणि कथा आपोआप हलायला लागली. वरच्या गावातली माणसं मोठ्यानं बोलतात, हाका मारतात, भांडतात. खालची माणसं हिवाळाभर खुणांनी बोलतात. वरची मुलगी खाली दिली की पहिल्या वर्षी सासू तिला स्वयंपाकाआधी खुणा शिकवते. यातलं काहीही मी "सुचवून" लिहिलेलं नाही. रेघ कुठून जाते एवढंच बघत गेले.

५. त्याला पंचांगात बसवा

आपल्याकडे पावसाला वेळापत्रक आहे आणि त्या वेळापत्रकात नातीगोतीही आहेत. जूनच्या पहिल्या आठवड्याच्या शेवटी मृग निघतो. पुढचं प्रत्येक नक्षत्र साधारण तेरा-चौदा दिवसांचं. पुनर्वसूचा तो तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. मघांचा सासवांचा, पूर्वांचा सुनांचा. हस्ताचा हत्तीचा. शिवाय प्रत्येक नक्षत्राला वाहन असतं आणि वाहन म्हैस किंवा बेडूक निघालं की शेतकऱ्याच्या चेहऱ्यावर समाधान दिसतं. दिनदर्शिका घेऊन बसा ते याचसाठी. शास्त्र म्हणून ते कितपत खरं, हा आपला विषय नाही. माणसं न दिसणाऱ्या गोष्टीला कसं घरातलं करून घेतात ते त्यात दिसतं.

तुमच्या हवामानाबद्दल ठरवा: ते ठरल्या वेळी येतं, की कधीही येतं, की येतं म्हणतात आणि हुलकावणी देतं? तिसरा प्रकार मला सगळ्यात उपयोगी वाटतो. राजापूरजवळ उन्हाळे गावात गंगा प्रकटते. साधारण तीन वर्षांनी येते म्हणतात, पण नेमका दिवस कुणी सांगू शकत नाही. चौदा कुंडं एरवी कोरडी असतात, मग एके दिवशी पाणी येतं आणि बातमी पसरते तशी माणसं स्नानाला निघतात. ती वाट बघणं, ती बातमी आणि ती धावपळ यांत जितकं नाट्य आहे तितकं दर सोमवारी येणाऱ्या जादूत कधीच सापडणार नाही.

जिथे अनिश्चितता आहे तिथे चाहूल घेणारे असतातच. पावशा "पेरते व्हा" म्हणाला की कान टवकारतात. बुलडाणा जिल्ह्यात भेंडवळला अक्षय्य तृतीयेला घट मांडतात. रात्रभर ठेवलेल्या धान्यांची आणि पदार्थांची सकाळची स्थिती बघून पाऊस-पिकाचं भाकीत करतात. ऑस्ट्रेलियात बर्कटाउन नावाच्या लहानशा गावावरून वर्षाच्या ठरावीक दिवसांत पहाटे एक लांबलचक, लाटण्यासारखा ढग जातो. आदल्या दिवशी खानावळीतल्या लाकडी टेबलांचे कोपरे दमटपणानं वर वळले की उद्या ढग येणार, असं तिथे म्हणतात. टेबलाचा कोपरा! असा एक तपशील सापडेपर्यंत थांबा.

माझ्या धुईची चाहूल मला चुलीपाशी सापडली. गार हवा खाली बसली की धूर वर चढत नाही, कौलांवरून खाली ओघळतो. म्हणून माझ्या गावात रात्री भाकरी झाल्यावर म्हातारी अंगणात येऊन छपराकडे बघते. धूर पन्हळीला टेकला असेल तर घरात कुणी काही न बोलता बैलांच्या घुंगुरमाळा उतरवून ठेवतात.

६. नाव माणसांच्या तोंडचं ठेवा

"महातिमिरवर्षा", "निनादमेघ" असली नावं पहिल्या खर्ड्यात हमखास येतात. माझ्याही आली होती. जी गोष्ट दर हिवाळ्यात अंगणात उतरते तिला माणसं पाच अक्षरी तत्सम नाव देत नाहीत. शब्दकोश उघडा, धुकं, दव, चिखल, उघडीप यांच्या आसपासचे शब्द वाचा. मला "धुई" तिथे भेटली आणि तिला मी "हाक" जोडली: हाकधुई.

नावाबरोबर क्रियापदही लागतं. हाकधुई "पडत" नाही, "धरते". आणि आवाज परत आला की "धुई बोलली" म्हणतात. शिवाय देवळातला पुजारी, व्यापारी आणि पोरं एकाच गोष्टीला एकच नाव वापरणार नाहीत. पोरं तिला नुसतं "ती" म्हणतात. दोन-तीन वाक्प्रचार तयार करा, त्याहून जास्त नको. माझ्याकडे दोन आहेत: बेसावध माणसाला म्हणतात "धुईत बोललास", आणि पक्क्या शब्दाच्या माणसाला "धुईतही तेच बोलेल".

७. एकेकाच्या दारात जाऊन विचारा

सगळ्यात जास्त वेळ इथे घालवा. कोकणात आगोट, म्हणजे पावसाळ्याचं तोंड, जवळ आली की लाकूडफाटा, सुकी मासळी, मीठ-मिरची यांची बेगमी होते, पाऊस आत येऊ नये म्हणून घराला झडी बांधतात. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ दिल्याशिवाय कोळी होडी लोटत नसत. नाणेघाटाच्या माथ्यावर दगडी रांजण आहे, त्यात जकात टाकत असं सांगतात. जिथे हवामानाची वाट असते तिथे साठवण असते, विधी असतो आणि पैसेही असतात. तुमच्या जगात हे तिन्ही शोधा.

वहीत दहा माणसांची यादी करा. त्यात राजा आणि जादूगार नकोत. सुईण, गुराखी, सावकार, भाजीवाली, चोर, शाळामास्तर असे घ्या. प्रत्येकाला एकच विचारा: हे हवामान उतरलं की तुझं काय अडतं आणि काय साधतं?

हाकधुईला मी असं विचारलं. गुराखी म्हणाला, घंटांमध्ये गवत कोंबतो. सुईण म्हणाली, धुईत बाळंत झालेल्या बाईच्या खोलीत पुढच्या धुईला बाळाचं पहिलं रडणं पुन्हा ऐकू येतं, तोपर्यंत बाळ रांगायला लागलेलं असतं, आणि त्या दिवशी आम्ही त्याला दुसरं नाव ठेवतो. सावकार जास्त बोलला. कर्जाचा शब्द तो मुद्दाम धुईत, वडाच्या पारावर घेतो. पुढची धुई धरली की कुळाचा शब्द पंचांसमोर जसाच्या तसा बाहेर पडतो. पण साक्ष एकदाच मिळते, म्हणून त्या पहाटे पंच हजर नसले तर कर्ज बुडालं. मग पंचांना त्या पहाटे कुणी अडवून ठेवलं तर? कुळानं धूर बघून सावकाराआधी पार गाठला आणि त्याच जागी ढोल बडवला तर? एका नियमातून कज्जे कसे निघतात ते बघा.

आणि मग विहिरीवरची बाई आली. तिचा नवरा दोन धुईंच्या मध्ये गेला. गेल्या धुईत पाणी शेंदताना त्यानं तिला हाक मारली होती. ती हाक आता विहिरीपाशी आहे आणि एकदाच येणार आहे. ती रोज रात्री छपराकडे बघते, धूर टेकू नये म्हणून. हाक ऐकली की ती संपेल. यादीत ही बाई नव्हती. नऊ जणांना विचारून झाल्यावर ती स्वतःहून आली आणि माझी कादंबरी तिची झाली. पायरी गाळून थेट हिच्याकडे पोहोचता येत नाही, मी करून पाहिलं आहे.

८. पहिलं दृश्य काही घडत नसतानाचं लिहा

प्रवासी येतो, म्हातारा त्याला सांगतो, "बाळा, शेकडो वर्षांपूर्वी या दरीत…" हे करू नका. गावातली माणसं एकमेकांना आपलं हवामान समजावून सांगत नाहीत, जसं आपण पाहुण्याला पावसाळा म्हणजे काय ते सांगत नाही, फक्त "छत्री आणलीत ना?" विचारतो. माझं पहिलं दृश्य असं सुरू होतं:

*सखूनं शेवटची भाकरी उतरवली आणि परकराला हात पुसत अंगणात आली. छपराकडे एकदा बघून ती आत वळली, पाळण्याच्या कड्यांना फडकं गुंडाळलं. "गूळ संपत आलाय," ती सासूला म्हणाली, "बोलायचं ते आत्ताच बोलून घ्या."*

धुई हा शब्दही त्यात नाही. वाचकाला सगळं कळत नाही, पण या घराला काहीतरी ठाऊक आहे एवढं कळतं, आणि तो पुढचं पान उलटतो. नियम पूर्ण उलगडायला मी साठेक पानं घेते. त्याहून लवकर सांगायची गरज मला अजून पडलेली नाही.

९. दुसऱ्याला वाचायला देताना

"आवडलं का?" असं विचारू नका. ज्याला अद्भुत कथा फारशा वाचायची सवय नाही अशा एखाद्याला प्रकरण द्या आणि पुस्तकात कुठेही न लिहिलेले तीन प्रश्न विचारा. माझे ठरलेले आहेत: इथे लग्नं कोणत्या महिन्यात होत असतील? आजारी माणसाला कुठे निजवत असतील? वाळवणं कधी घालत असतील?

उत्तरं तुमच्या मनातल्यासारखी आली नाहीत तरी चालेल. हाकधुईच्या वेळी माझ्या मैत्रिणीनं पहिल्या प्रश्नाला "उन्हाळ्यात, वाजंत्री मोकळी असतात तेव्हा" असं सांगितलं. मी स्वतः तोवर त्याचा विचारच केला नव्हता. ते मी तसंच तिच्या नावाची नोंद करून वहीत उतरवलं, आणि तिसऱ्या प्रकरणातलं लग्न माघातून वैशाखात नेलं.